गुन्हेगार ठाऊक असताना : पटकथाकार विजय तेंडुलकर

#धागा

१९७२ साल. मराठवाड्यात पाऊस नाही. बीड, उस्मानाबाद, औरंगाबाद, परभणी या जिल्ह्यांतली माणसे दुष्काळी कामांवर खडी फोडत आहेत. त्याच वर्षाच्या अखेरीस परभणी जिल्ह्यातल्या मानवत या गावी लहान मुली आणि स्त्रियांचे खून होऊ लागतात. आणि त्याच डिसेंबरात, १६ तारखेला, पुण्यात ‘घाशीराम कोतवाल’ या नाटकाचा पहिला प्रयोग होतो.

या तीन घटनांचा परस्परांशी संबंध नव्हता. एका माणसाने पुढील दहा-अकरा वर्षांत तो जोडला. विजय तेंडुलकर हे नाव आपण नाटककार म्हणून शिकतो. परीक्षेत ‘शांतता! कोर्ट चालू आहे’, ‘गिधाडे’, ‘सखाराम बाइंडर’ लिहून मोकळे होतो. आजचा धागा त्यांच्या दुसऱ्या कामाविषयी आहे. भारतीय चित्रपटात गुन्हा, पोलीस, खटला आणि कोठडी यांची भाषा बदलून टाकणारा पटकथाकार म्हणून त्यांची कारकीर्द कशी घडली, आणि तिचे धागे आपल्या मराठवाड्याशी, बीडच्या शीवेशी कसे येऊन मिळतात, हे पाहू. धागा लांब आहे. सवडीने वाचावा.

आधी एक खुलासा, कारण प्रतिक्रियांत तो प्रश्न हमखास येतो. ‘कथा’, ‘पटकथा’ आणि ‘संवाद’ ही तीन वेगळी कामे आहेत आणि श्रेयनामावलीत ती वेगळी लिहिली जातात. ‘अर्धसत्य’ची मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा तेंडुलकरांची, संवाद वसंत देवांचे, तर चित्रपटाचे नाव दिलीप चित्र्यांच्या कवितेवरून आलेले. म्हणजे चार मराठी लेखकांनी मिळून एक हिंदी चित्रपट उभा केला. ‘तेंडुलकरांचा संवाद’ म्हणून जे एखादे वाक्य फिरत असते ते अनेकदा त्यांचे नसते. त्यांची असते ती रचना : कोणता प्रसंग आधी यावा, कोणता गाळावा, माणूस कुठे गप्प राहावा. इतिहासाच्या विद्यार्थ्याने साधन वापरताना लेखक कोण हे आधी तपासावे, हा नियम चित्रपटालाही लागू आहे.

तेंडुलकरांचा जन्म ६ जानेवारी १९२८चा. चौदाव्या वर्षी ते बेचाळीसच्या चळवळीत उतरले आणि शाळा सुटली ती सुटलीच. पुढे पोट भरले ते वृत्तपत्रांवर. ‘नवभारत’, ‘मराठा’, ‘लोकसत्ता’ अशा कचेऱ्यांत त्यांनी काम केले. ही नोकरी त्यांच्या चरित्रात एका ओळीत उरकली जाते, पण पटकथाकार तेंडुलकर समजून घ्यायचे तर ती ओळ महत्त्वाची आहे. बातमी लिहिणाऱ्याला एक शिस्त लागते. काय घडले, कोठे घडले, कोण उपस्थित होते, हे आधी. भाष्य नंतर, किंवा मुळीच नाही.

आणि त्यांच्या कितीतरी कृतींचा उगम बातमीत आहे. १९८१ साली ‘इंडियन एक्सप्रेस’च्या वार्ताहराने माणसांची विक्री होते हे सिद्ध करण्यासाठी एक स्त्री विकत घेतली. त्यावरून ‘कमला’ नाटक आले. ‘आक्रोश’ वर्तमानपत्रातल्या एका छोट्या बातमीतून निघाला. ‘आक्रीत’चा पाया मानवतचे हत्याकांड. सत्तरच्या दशकाच्या पूर्वार्धात नेहरू अभ्यासवृत्ती मिळाल्यावर त्यांनी विषयच निवडला तो समाजात वाढत जाणाऱ्या हिंसेचा, आणि त्यासाठी ते देशभर हिंडले. हिंसा त्यांच्यासाठी नाट्यगृहात टाळ्या घेणारी युक्ती नव्हती, तपासाचा विषय होता. त्यांच्यावर ‘हिंसेचे भांडवल करणारा लेखक’ असा आरोप हयातभर झाला. तो करणाऱ्यांनी हा क्रम पाहिला असता तर बरे झाले असते.

आता १९७५.

हे वर्ष हिंदी मारधाडपटांचे सुवर्णवर्ष मानतात. जानेवारीत ‘दीवार’, १५ ऑगस्टला ‘शोले’. दोन्हींच्या पटकथा सलीम–जावेद यांच्या. दोन वर्षांपूर्वीच्या ‘जंजीर’पासून पटकथाकार या माणसाला प्रथमच बाजारभाव आला होता. मधल्या जूनमध्ये आणीबाणी लागली. ‘शोले’तले रामगढ आठवा : गावात पोलीस नाहीत, न्याय नाही, म्हणून ठाकूर भाड्याने दोन शूर आणतो. दुष्ट माणूस डोंगरात राहतो, गावाबाहेर.

त्याच वर्षी तेंडुलकरांच्या पटकथांवरचे दोन ग्रामीण गुन्हेपट आले, ‘सामना’ आणि ‘निशांत’. दोन्हींत दुष्ट माणूस डोंगरात राहत नाही. तो गावातल्या सर्वांत मोठ्या घरात राहतो, आणि गाव त्याला मुजरा करते. फरक एवढाच, आणि सगळा फरक त्यातच आहे.

‘सामना’ची गोष्ट आपल्या शीवेपासून सुरू होते. चित्रपटाचे निर्माते रामदास फुटाणे जामखेडचे, पेशाने चित्रकला शिक्षक आणि वृत्तीने कवी. जामखेड तालुका नगर जिल्ह्यात असला तरी त्याला लागून बीडचे आष्टी आणि पाटोदा आहेत. दोन्हींकडची माती सारखीच कोरडी, दोन्हींकडच्या बैलगाड्या हंगामात एकाच दिशेने निघायच्या, साखर कारखान्यांकडे. दिग्दर्शक जब्बार पटेल, ‘घाशीराम’ बसवणारे तेच. पहिलाच चित्रपट. तो १९७५च्या बर्लिन महोत्सवात गेला आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला.

कथानक सांगतो, कारण तरुण वाचकांपैकी पुष्कळांनी फक्त नाव ऐकले असेल. हिंदुराव धोंडे पाटील हा साखरसम्राट. सहकाराच्या जोरावर त्याने गावाचे नंदनवन केले आहे आणि गाव खिशात घातले आहे. निळू फुले. एक दारुडा, भटका, एकेकाळचा गांधीवादी मास्तर त्याच्या आश्रयाला येतो. डॉ. श्रीराम लागू. पाटलाला हा माणूस आवडतो. तो त्याला खाऊ घालतो, पाजतो, कारखाना दाखवतो. मग कोणाच्या तरी तोंडून मास्तरच्या कानावर एक नाव पडते : मारुती कांबळे. सैन्यातून परतलेला हा माणूस गावात होता, आता नाही. त्याचे पुढे काय झाले?

बस. सबंध चित्रपट या एका प्रश्नावर चालतो. खुनाच्या चित्रपटात आपल्याला सवय असते ती ‘खुनी कोण’ हे शेवटी कळण्याची. इथे खुनी कोण याविषयी गावाला शंका नाही, प्रेक्षकालाही फारशी नाही. शंका आहे ती प्रश्न विचारण्याचे धाडस कोणाला आहे याविषयी. आणि ते धाडस कोणाकडे आहे? आयुष्यातून उठलेल्या, रोजच्या दारूसाठी पाटलावरच अवलंबून असलेल्या म्हाताऱ्याकडे. तेंडुलकरांनी शूराला बाजूला सारून लाचार माणसाच्या तोंडी प्रश्न दिला. त्यामुळे तो प्रश्न चित्रपट संपल्यावरही उरला. महाराष्ट्राच्या राजकीय बोलीत मारुती कांबळेचे नाव आजही म्हणीसारखे वापरले जाते, ज्यांनी चित्रपट पाहिलेला नाही तेही वापरतात.

आणखी एक नोंद. हिंदुराव हा खलनायक असला तरी त्याने केलेला विकास खोटा नाही. १९५०च्या सुमारास प्रवरानगरला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी उभा केलेला सहकारी साखर कारखाना हा शेतकऱ्याच्या हाती सत्ता देणारा खरोखर मोठा प्रयोग होता. पंचवीस वर्षांत त्याच प्रयोगातून काही ठिकाणी नवे वतनदार कसे उभे राहिले, हे ‘सामना’ दाखवतो. पण बीडच्या माणसाला या चित्रपटात एक उणीव बोचते. धारूर, वडवणी, केज, पाटोदा इथून दसरा-दिवाळीनंतर निघणारा ऊसतोड कामगार, मुकादमाची उचल, ‘कोयता’ म्हणून मोजली जाणारी नवरा-बायकोची जोडी, हे सगळे हिंदुरावच्या साम्राज्याच्या पायाशी असायला हवे. पडद्यावर मात्र संघर्ष दोन पुरुषांत राहतो. हा चित्रपट थोर आहे. तरी त्याची नजर कारखान्याच्या फाटकापर्यंत जाते, उसाच्या फडापर्यंत जात नाही, असे मला वाटते.

‘निशांत’कडे येताना आपल्याला नकाशा उलगडावा लागेल.

श्याम बेनेगल दिग्दर्शित हा चित्रपट १९४५ सालच्या तेलंगणातल्या एका गावात घडतो. मराठी वाचकाला तेलंगण परके वाटते, पण १९४५ साली तेलंगणातली ती जहागीर आणि बीड जिल्हा एकाच राज्यात होते, निजामाच्या हैदराबाद संस्थानात. त्या संस्थानात औरंगाबाद, बीड, परभणी, नांदेड, उस्मानाबाद हे पाच मराठी जिल्हे होते. १७ सप्टेंबर १९४८ला संस्थान शरण आले. १ नोव्हेंबर १९५६ला मराठवाडा मुंबई राज्यात आला. म्हणजे ‘निशांत’मधला पोलीस पाटील, कलेक्टर, देशमुखी थाटाचे जमीनदार आणि त्यांची वेठ, ही आपल्या पणजोबांचीही राज्यव्यवस्था होती. तपशील बदलत, घडण तीच. शालेय पुस्तकात ‘मुक्तिसंग्राम’ हा शब्द वाचून कंटाळलेल्या कोणीही हा चित्रपट पाहावा. मुक्ती कशापासून हवी होती ते त्यात दिसते.

सुरुवात देवळातल्या दागिन्यांच्या चोरीने होते. चोरी जमीनदाराच्या भावांची. मग नव्याने आलेल्या शाळामास्तरची बायको गावादेखत उचलून नेली जाते. सगळे पाहतात, दारे लागतात. मास्तर पोलिसाकडे जातो, अधिकाऱ्याकडे जातो, आणि प्रत्येक टेबलावर त्याला सौजन्याने परत पाठवले जाते. तेंडुलकरांची पटकथा या फेऱ्यांना भरपूर वेळ देते. अपहरणाचा प्रसंग काही क्षणांत संपतो. अर्ज घेऊन दारोदार हिंडणे संपत नाही. गुन्हा कशाने मोठा होतो, हे त्या वाटपातच सांगितले आहे.

शेवटी मास्तर आणि देवळाचा पुजारी मिळून गाव चेतवतात. गाव उठते, वाडा फोडते. पण उठलेले गाव निवडून मारत नाही. जमीनदाराच्या घरातली निरपराध सून त्यात जाते, आणि जिच्यासाठी सारे सुरू झाले तीही वाचत नाही. तेलंगणातील सशस्त्र लढा १९४६ ते १९५१ असा चालला. त्याचे गौरवगान करणारा चित्रपट काढणे सोपे होते. या पटकथेने लढ्याची अपरिहार्यता दाखवली आणि त्याची किंमतही. चित्रपट १९७६च्या कान महोत्सवात स्पर्धेत होता. पुढल्याच वर्षी बेनेगल यांच्याच ‘मंथन’साठी तेंडुलकरांना पटकथेचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तो दुधाच्या सहकाराचा चित्रपट, आपल्या विषयाबाहेरचा. तरी ‘सामना’ची साखर आणि ‘मंथन’चे दूध शेजारी ठेवून पाहण्यासारखे आहे.

‘सिंहासन’ (१९७९) भरभर सांगतो. अरुण साधू यांच्या ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ या दोन कादंबऱ्या एकत्र गुंफून तेंडुलकरांनी पटकथा केली, दिग्दर्शक पुन्हा जब्बार पटेल. मुख्यमंत्री, अर्थमंत्री, कामगार पुढारी, तस्कर आणि या सर्वांमधून हिंडणारा पत्रकार दिगू टिपणीस. गुन्हेगारी आणि सत्ता एकाच मजल्यावर राहतात, हे मराठी पडद्याने इतके उघड प्रथमच म्हटले. बाकी त्यावर स्वतंत्र धागा हवा.

‘आक्रोश’ (१९८०) मात्र घाईने ओलांडता येत नाही.

गोविंद निहलानी हे बेनेगल यांचे छायालेखक. दिग्दर्शक म्हणून त्यांचा हा पहिला चित्रपट. लहान्या भिकू हा आदिवासी मजूर बायकोच्या खुनाच्या आरोपाखाली कोठडीत आहे. सरकारने दिलेला तरुण वकील भास्कर कुलकर्णी त्याला वाचवू पाहतो, पण लहान्या बोलत नाही. वकिलाशी नाही, न्यायालयात नाही, घरच्यांशी नाही. नायक जवळजवळ सबंध चित्रपट मुका, ही पटकथाकाराने स्वतःवर लादून घेतलेली अट होती. खटल्याचा चित्रपट म्हणजे साक्षी, उलटतपासणी, टाळ्या. इथे आरोपीच गप्प असल्याने न्यायालयाची सारी यंत्रणा स्वतःशीच बोलत राहते.

लहान्या का बोलत नाही हे हळूहळू उलगडते. त्याच्या बायकोवर अत्याचार करून तिला मारणारे गावातले प्रतिष्ठित आहेत, तेच रात्री क्लबात पत्ते खेळतात, आणि त्याला ठाऊक आहे की बोलून काहीही होणार नाही. बापाच्या चितेसाठी त्याला बेड्यांत आणतात. तिथे तो कुऱ्हाड उचलतो आणि आपल्याच बहिणीला मारतो, बायकोचे जे झाले ते तिचे होऊ नये म्हणून. मग ओरडतो. त्या आरोळीत शब्द नाहीत. ओम पुरी.

‘आक्रोश’ला १९८१च्या भारतीय आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात सुवर्णमयूर मिळाला आणि तेंडुलकरांना कथा-पटकथेची फिल्मफेअर पारितोषिके. सलीम–जावेदांच्या व्यासपीठावर, त्यांच्याच प्रांतात.

यानंतरचा चित्रपट आपल्या भागाचा. ‘आक्रीत’, १९८१.

माजलगावहून गोदावरी ओलांडली की पाथरी, पाथरीच्या पुढे मानवत. आमच्या पट्ट्यात, नदीच्या या काठालाही, त्या काळात मुलींना दिवस मावळायच्या आत घरात घेत. त्या पिढीतल्या बायका अजून सांगतात, आणि सांगताना आवाज खाली घेतात. १९७२च्या अखेरीपासून १९७४च्या आरंभापर्यंत हे खून होत राहिले. तपासात निघाले ते गुप्तधनाच्या लोभाचे आणि नरबळीच्या समजुतीचे प्रकरण. स्थानिक पोलिसांना यश येईना, तेव्हा मुंबईहून गुन्हे अन्वेषणातले अधिकारी रमाकांत कुलकर्णी आले. खटला पायऱ्या चढत सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. आरोपींची नावे आजही समाजमाध्यमांवर चवीने फिरतात. ती या धाग्यात येणार नाहीत.

अमोल पालेकरांनी दिग्दर्शनाची सुरुवात या विषयाने करावी याचे तेव्हा अनेकांना आश्चर्य वाटले असणार. ‘छोटी सी बात’ आणि ‘गोलमाल’चा साधा भोळा नायक इथे मुकुटराव शिंदे झाला, गावातला धनदांडगा, आणि चित्रा पालेकर त्याची रखेल रुही. पटकथा तेंडुलकरांची. फ्रान्समधल्या नांत येथील महोत्सवात चित्रपटाचा गौरव झाला, आपल्याकडे तो फारसा पाहिला गेला नाही.

तेंडुलकरांनी या हत्याकांडातून रहस्यपट केला नाही, ही पहिली गोष्ट. तपास अधिकारी नायक होऊ शकला असता. बाहेरून येणारा हुशार माणूस गावाचे गूढ उकलतो, हा आराखडा तयारच होता. त्यांनी कॅमेरा घरात ठेवला. क्रौर्य शिजते कसे, घरातल्या घरात, व्यवहाराच्या भाषेत, एखादी विहीर खणायची असावी तसे ठरते कसे, ते पाहिले. प्रेक्षकाला त्यामुळे सुटका मिळत नाही. अंधश्रद्धेवर भाषण करणारे पात्रही नाही.

दुसरी गोष्ट जरा अवघड आहे. मानवत प्रकरणात पारधी समाजाचे नाव ओघाने आले, आणि चित्रपटातही ती छाया आहे. १८७१च्या कायद्याने इंग्रजांनी जमातीच्या जमातींना जन्मतः गुन्हेगार ठरवण्याचा पायंडा पाडला. तो कायदा १९५२ साली गेला, शिक्का गेला नाही. बीड जिल्ह्यात पारधी वस्त्या आहेत. गावात चोरी झाली की पोलिसांची गाडी आधी कुठे वळते हे इथल्या कोणालाही विचारा. एका घरातल्या माणसांचा गुन्हा पाहून सबंध जमातीकडे बोट दाखवणारा प्रेक्षक तेव्हाही होता, आजही आहे. तेंडुलकरांचा भर धनदांडग्याच्या सत्तेवर आहे हे खरे, पण प्रत्येक प्रेक्षक तो भर ओळखेल अशी खात्री देता येत नाही. ‘आक्रीत’ दाखवताना हे आधी सांगायला हवे, असे मी प्रत्येक ठिकाणी म्हणतो.

आणि आता ‘अर्धसत्य’.

पार्श्वभूमी आधी. जानेवारी १९८२मध्ये मुंबईत गिरणी संप सुरू झाला. त्याच महिन्यात वडाळ्याला मन्या सुर्वे पोलिसांच्या गोळ्यांनी मारला गेला, आणि ‘एन्काउंटर’ हा शब्द शहराच्या बोलीत रुजू लागला. ऑगस्ट १९८२मध्ये तर पोलीसच रस्त्यावर आले. त्यांची संघटना मोडून पुढाऱ्यांना पकडल्यावर १८ ऑगस्टला शिपायांनी बंड केले, दंगल उसळली, लष्कर बोलवावे लागले. बरोबर एक वर्षाने, १९ ऑगस्ट १९८३ला, ‘अर्धसत्य’ पडद्यावर आला. नायक : फौजदार अनंत वेलणकर.

‘जंजीर’चा इन्स्पेक्टरही रागीट होता. त्याचा राग लहानपणी पाहिलेल्या आईबापांच्या खुनातून आलेला, म्हणजे पवित्र. वेलणकरचा राग कुठून येतो? त्याला शिकायचे होते. पोलीस शिपाई असलेल्या बापाने त्याला पोलिसात घातले. तोच बाप घरी आईला मारायचा, आणि मुलाने ते निमूट पाहिलेले. रामा शेट्टीसारखा गुंड त्याच्यासमोर बसून हसतो, कारण वरून फोन येणार हे त्याला ठाऊक असते. दरोडेखोर पकडल्याचे श्रेय दुसऱ्याला जाते. हा अपमान घेऊन वेलणकर रात्री ठाण्यात येतो, आणि तिथे एक किरकोळ चोर बसलेला असतो. वेलणकर त्याला मारतो. इतके मारतो की तो मरतो.

इथे घाशीरामकडे परत जाऊ. ऐतिहासिक घाशीराम सावळादास १७७७पासून पुण्याचा कोतवाल होता. १७९१मध्ये त्याच्या चौकीत कोंडलेले परगावचे ब्राह्मण गुदमरून मेले, लोक खवळले आणि त्याला दगडांनी ठेचून मारण्यात आले. मुलगी नाना फडणविसांना देऊन कोतवाली मिळवल्याची गोष्ट नाटककाराची. मोरोबा कान्होबांनी १८६३मध्ये घाशीरामावर पुस्तक लिहिले, तिथपासून या माणसाभोवती कल्पित जमत आले आहे. नाटकावर इतिहासाच्या विपर्यासाचा आक्षेप आला तो याच अंगाने, आणि नानांच्या कर्तृत्वाबद्दल आदर असणाऱ्यांना तो घेण्याचा हक्क आहे. पण कोठडीतले मृत्यू कल्पित नाहीत. कोतवालाचा शेवट त्यांनीच झाला.

वेलणकरचाही शेवट कोठडीतल्या मृत्यूनेच होतो. दोघेही अपमानित, दोघांनाही वरच्यांनी वापरलेले, आणि दोघेही आपला अपमान खालच्यांवर काढणारे. ‘घाशीराम’वर १९७६मध्ये चित्रपट निघाला, पटकथा तेंडुलकरांचीच, आणि त्यात घाशीराम झाला होता एक नवा नट, ज्याचा तो पहिलाच चित्रपट. ओम पुरी. सात वर्षांनी तोच वेलणकर झाला. निवड निहलानींची, ‘आक्रोश’मुळे झालेली. तरी अठराव्या शतकाचा कोतवाल आणि विसाव्या शतकाचा फौजदार एकाच चेहऱ्याने पडद्यावर आले, ही नोंद कुठेतरी राहायला हवी.

खून झाकण्यासाठी वेलणकर अखेर रामा शेट्टीच्याच दारात जातो. शेट्टी आता निवडणुकीच्या राजकारणात आहे. तो मदत करायला तयार आहे, फक्त वेलणकरने यापुढे त्याचे व्हायचे. वेलणकर त्याचा गळा आवळतो, आणि ठाण्यात जाऊन स्वतःला स्वाधीन करतो. थिएटरात इथे टाळ्या पडत, आणि त्या टाळ्यांनी पुढच्या काळात किती नुकसान केले त्याचा हिशेब अवघड आहे. गुंडाला संपवणारा पोलीस, एवढेच उचलून हिंदी चित्रपट पुढे गेला. कोठडीतला किरकोळ चोर मागे राहिला. त्याचा गुन्हा काय होता, तर एक ट्रान्झिस्टर. पटकथेत तो मेल्यानंतरच वेलणकर शेट्टीकडे जातो. हा क्रम उलटा केला असता तर वेलणकर नायक झाला असता, आणि चित्रपट ‘जंजीर’.

रामा शेट्टीच्या भूमिकेत सदाशिव अमरापूरकर, आपल्या शेजारच्या नगरचे, रंगभूमीवरून आलेले. ओम पुरींना राष्ट्रीय पुरस्कार आणि कार्लोव्ही व्हॅरी महोत्सवाचे पारितोषिक, अमरापूरकर, तेंडुलकर आणि पानवलकर यांना फिल्मफेअर. १९८४मध्ये तेंडुलकरांना पद्मभूषण.

त्यानंतरही त्यांनी पटकथा लिहिल्या. केतन मेहतांचा ‘सरदार’ (१९९३) त्यांचाच, ज्यात संस्थानांच्या विलीनीकरणाच्या निमित्ताने निजामाचे राज्य पुन्हा त्यांच्या लेखणीखाली आले, या वेळी दिल्लीच्या टेबलावरून पाहिलेले. पण गुन्ह्याच्या पटकथांचा तो सलग ओघ ‘सामना’पासून ‘अर्धसत्य’पर्यंत, आठ-नऊ वर्षांचा. १९ मे २००८ला पुण्यात त्यांचे निधन झाले.

मानवतची गोष्ट २०२४मध्ये पुन्हा पडद्यावर आली, ‘मानवत मर्डर्स’ या वेबमालिकेच्या रूपात. आधार रमाकांत कुलकर्णींच्या आठवणींचा, आणि कुलकर्णींच्या भूमिकेत आशुतोष गोवारीकर. मालिका नेटकी आहे, काळाचे तपशील जपलेले आहेत, मी ती दोन रात्रींत पाहिली. मुंबईहून एक शांत, कर्तबगार अधिकारी येतो आणि कॅमेरा त्याच्याबरोबर जीपमधून गावात शिरतो. त्रेचाळीस वर्षांपूर्वी ‘आक्रीत’चा कॅमेरा आधीपासून त्या घरात होता.